मुलीला बोलकं करू नका, तिच्या हाताला काम द्या

तुमच्या लघुपटाची चौदा पानांची संहिता मी दोनदा वाचली. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. बार्शीजवळच्या एका गावातली आठ वर्षांची गार्गी, आजोबांची लाडकी. आजोबा जातात. पुढच्या पाच प्रसंगांत ती खिडकीशी उभी राहून आभाळाकडे बघते, फोटोशी बोलते, आईला विचारते, "आजोबा चांदणी झाले ना गं?" आणि शेवटी अंगणात एक रोपटं लावते. तुम्ही जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवता, मुलं रोज बघता. तरी ज्यांना संहिता दाखवलीत त्यांनी एकच सांगितलं, की पोरगी मोठ्या माणसासारखी बोलते. हे संवाद मुलाच्या तोंडी शोभतील असे कसे करायचे, हा तुमचा प्रश्न.

ते दुरुस्त करत बसू नका. बहुतेक काढूनच टाका. शब्द सोपे केले तरी अडचण जाणार नाही, कारण तुमच्या गार्गीला आपल्याला काय होतंय ते पहिल्या दिवसापासून नेमकं कळलेलं आहे. आठ वर्षांच्या मुलाला ते कळत नसतं. दुःख होतं, मोठ्यांइतकंच होतं, पण ते वेळेवर येत नाही आणि आपण नेमून दिलेल्या जागी येत नाही. घरात रडारड चाललेली असते तेव्हा पोरं मागच्या अंगणात लपाछपी खेळत असतात. मग महिन्याभराने शाळेत पट्टी हरवते, आणि त्या पट्टीसाठी पोर अर्धा तास हुंदके देत राहतं. बाई म्हणतात, अगं दुसरी आणू, त्यात काय एवढं! ते पट्टीचं रडणं म्हणजे तुमची फिल्म आहे.

मला हे एका मुलाने शिकवलं. सुरुवातीच्या काळात मी वसतिगृहात राहणाऱ्या मुलावर एक लघुपट लिहिला होता. बाप पोराला सोडून एसटीत बसतो, गाडी हलते, पोरगा फाटकाशी उभा राहून रडतो, असा प्रसंग मी फार जीव ओतून लिहिला होता. काम करणारा मुलगा स्वतःच वसतिगृहात राहणारा, सहावीतला. तालमीच्या वेळी तो माझ्याकडे आला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला, "मॅडम, तवा नाही रडू येत." मी विचारलं, मग तेव्हा काय करतोस? म्हणाला, "पेटीचं कुलूप नीट लागलंय का बघतो." आणि रडू कधी येतं? त्याने जरा विचार केला. "घरचा साबण संपला की."

त्या रात्री मी फाटकाचा प्रसंग काढून टाकला. एसटी जाते, पोरगा खोलीवर येतो, पत्र्याच्या पेटीचं कुलूप दोनदा ओढून बघतो. पुढे तीन प्रसंगांत साबणाची वडी लहान होत जाते. शेवटी ती इतकी पातळ होते की तो ती वापरणंच बंद करतो आणि कागदात गुंडाळून पेटीत ठेवतो. इतकंच. संवाद जवळजवळ शून्य. माझ्या कामातला तो पहिला लघुपट, जो बघून वसतिगृहातल्या मुलांनी "हो, असंच असतं" म्हटलं.

भावना वस्तूला कशी चिकटते हे समजून घ्यायचं असेल तर एका जुन्या चित्रफितीची गोष्ट सांगते. लंडनमध्ये जेम्स रॉबर्टसन नावाचे गृहस्थ होते, इस्पितळात एकट्या ठेवलेल्या लहान मुलांचं निरीक्षण करण्याचं काम करत. त्या काळी तिथे आईबापांना मुलांजवळ थांबू देत नसत. भेटीच्या वेळाही मोजक्या. डॉक्टर म्हणत, मुलं दोन दिवस रडतात आणि मग छान रुळतात. रॉबर्टसननी १९५२ साली अडीच वर्षांच्या एका मुलीचे इस्पितळातले आठ दिवस चित्रित केले. हर्नियाची छोटी शस्त्रक्रिया होती. ती मुलगी फारशी रडत नाही, शहाण्यासारखी वागते, आपलं पांघरूण आणि टेडी धरून असते, मधेच क्षणभर चेहरा रडवेला होतो आणि ती तो पुन्हा सावरते. शेवटच्या दिवशी आई न्यायला येते. मुलगी आपल्या सगळ्या वस्तू गोळा करते, आईबरोबर चालू लागते, आणि आईने पुढे केलेला हात धरत नाही.

ती फीत पाहून अनेक डॉक्टर चिडले होते. पण तिच्यामुळे चर्चा पेटली, आणि ब्रिटनमधल्या इस्पितळांतल्या मुलांविषयीच्या १९५९ च्या प्लॅट अहवालात आईबापांना मुलांजवळ येऊ द्यावं अशी शिफारस आली. मी नव्या लेखकांना नेहमी विचारते, हा शेवट तुम्ही लिहिला असता तर कसा लिहिला असता? दहापैकी नऊजण मुलीला आईच्या गळ्यात पडून रडायला लावतात. न धरलेला हात कुणाच्याच डोक्यात येत नाही. आठ दिवसांत काय झालं ते सगळं त्या हातात आहे.

आता तुमच्या संहितेकडे येते. सहाव्या पानावर तुम्ही सहज एक ओळ लिहिली आहे: "टेबलावर आजोबांचा चष्मा, औषधं, कानाचं मशीन." पुढे चष्म्यावर क्लोज-अप घेतलाय. चष्मा सोडा. गेलेल्या माणसाचा चष्मा, काठी, रिकामी आरामखुर्ची आपण सगळ्यांनी इतकी वापरली आहे की प्रेक्षक ती बघून हलत नाही. मशीन मात्र सोन्यासारखं आहे. तुमची फिल्म त्याच्यात आहे आणि तुम्ही तिच्या शेजारून निघून गेला आहात.

माझ्या सासऱ्यांना ते मशीन होतं, म्हणून मला त्याच्या सगळ्या खोड्या माहीत आहेत. त्याचा सेल शर्टाच्या बटणापेक्षाही लहान असतो. एका कार्डावर सहसा सहा सेल येतात, आणि प्रत्येकावर एक रंगीत स्टिकर असतो, १३ नंबरच्या सेलवर केशरी, ३१२ वर तपकिरी. हा सेल हवेवर चालतो. स्टिकर काढला की बारीक भोकांतून हवा आत जाते आणि सेल जागा होतो. मशीनमध्ये घालण्याआधी मिनिटभर तसाच ठेवावा लागतो. एकदा स्टिकर काढला की तो परत चिकटवून उपयोग नाही, सेल वापरा न वापरा, उतरतच जातो. मोठा सेलसुद्धा फार तर दोन-तीन आठवडे. म्हाताऱ्या बोटांना तो स्टिकर सुटत नाही, म्हणून हे काम घरातल्या पोराकडे येतं. आणि चालू मशीन मुठीत दाबून धरलं की ते शिट्टी मारतं, बारीक, कुईं अशी. घरातल्या प्रत्येकाला तो आवाज झोपेतही ओळखू येतो.

एवढं हातात आल्यावर गार्गीने आजोबांवर किती प्रेम केलं हे सांगायची गरजच उरत नाही. आजोबांचा सेल बदलणं हे तिचं काम. नखाने स्टिकर सोडवायचा, साठ आकडे मोजायचे, सेल घालायचा, आजोबांच्या कानाशी जाऊन हळूच काहीतरी बोलायचं आणि ऐकू आलं का बघायचं. काढलेले स्टिकर ती कपाटाच्या दाराला आतून ओळीने चिकटवते. आजोबा गेले तेव्हा कार्डावर चार सेल उरलेत.

मी त्यातला एक प्रसंग लिहून दाखवते. अंत्यविधी, फोटो, हार, काही नको.

दृश्य ५. माजघर. दुपार. तिसरा दिवस.

भिंतीकडेने सतरंज्या. आठ-दहा बायका, मध्ये आजी. कोपऱ्यात आजोबांची खाट, गादी उचललेली. हळू आवाजात बोलणं: कोण कुठून यायचंय, दहाव्याला किती पानं होतील.

गार्गी आतल्या खोलीच्या उंबऱ्यात, माजघराकडे पाठ करून. मांडीवर सेलचं कार्ड.

एक बाई: उंबऱ्यावर बसू नये बाळा.

गार्गी एक वीत आत सरकते. एक सेल काढते. केशरी स्टिकर नखाने सोडवते, कपाटाच्या दाराला आतून, ओळीत शेवटी चिकटवते. ओठ हलताहेत. मोजते आहे. मागे बायकांचं बोलणं चालूच.

ओठ थांबतात. सेल मशीनमध्ये. झाकण बंद. मशीन मुठीत धरते.

कुईंऽऽ.

माजघरातलं बोलणं तुटतं. आजी वळून बघते. दाराकडे नाही, खाटेकडे.

बस. हे चित्रित होईल तेव्हा रडण्याची सूचना कुणालाच द्यावी लागणार नाही. कागदावर "मोजते आहे" हे दोन शब्द आहेत, पडद्यावर ते लांबतील, म्हणून मागचं बायकांचं बोलणं त्या वेळेत चालू ठेवलंय. ते बोलणं नीट लिहा. पानं किती, गुरुजी कोण, अमक्याची गाडी कुठवर आली, हेच बोलणं असतं तेव्हा. पोरीच्या दुःखाबद्दल तिथे कुणी चकार शब्द काढत नाही.

संवाद नसले तर पटकथा दुबळी दिसेल अशी भीती तुमच्या पत्रात आहे, म्हणून एक नोंद. लाल फुग्यामागे धावणाऱ्या पॅरिसच्या मुलाची गोष्ट तुम्ही पाहिली असेल, अल्बेर लामोरिस यांचा १९५६ चा ‘द रेड बलून’. चौतीस मिनिटांचा, संवाद नावापुरते. त्याला ऑस्कर मिळालं ते सर्वोत्कृष्ट मूळ पटकथेचं, पूर्ण लांबीच्या चित्रपटांच्या पंगतीत बसून. पटकथा म्हणजे कोण काय बोलतं याची वही, ही समजूत आपल्याकडे नाटकामुळे घट्ट बसली आहे. मला नाटक अतिशय प्रिय आहे, पण इथे ते आड येतं.

काळाची मांडणीही बदला. तुमचे पाचही प्रसंग पहिल्या चार दिवसांतले आहेत. मुलांसाठी ते दिवस वेगळेच असतात हो. शेजारच्या काकूंकडे पाठवणी होते, तिथे चहा-बिस्किट मिळतं, शाळा बुडते, चुलत-मामे भावंडं येतात, रात्री एका ओळीत अंथरुणं पडतात, कुजबुज आणि खिदळणं चालतं, कोणीतरी मोठं माणूस दटावतं. दिवाळीच्या सुट्टीसारखंच. गार्गीला मजा येऊ द्या. तिला हसू द्या. ती हसली म्हणून प्रेक्षकाला ती कमी जिव्हाळ्याची वाटणार नाही, उलट तिच्यावर विश्वास बसेल. तेराव्याला जेवणं उरकतात, संध्याकाळी गाड्या सुटतात, सतरंज्या परत जातात आणि घर एकदम मोठं होतं. मुलांचं दुःख बहुधा त्या संध्याकाळपासून सुरू होतं, मोठ्यांचं ओसरायला लागतं तेव्हा. या उलट्या चालीवर तुमच्या फिल्मची सात-आठ मिनिटं सहज उभी राहतील. माझ्या हिशेबाने तिसरा दिवस, तेरावी संध्याकाळ, आणि मग पाचवा-सहावा आठवडा, इतकंच पुरे.

वयाचा नीट विचार करा. चार वर्षांचं मूल विचारतं, "आजोबा कधी येणार?" सांगितलं तरी उद्या परत विचारतं. मेलेलं माणूस परत येत नाही, त्याला भूक लागत नाही, दुखत नाही, आणि हे सगळ्यांचंच होतं, ही समज बहुतेक मुलांना पाच ते सातच्या दरम्यान येते, कुणाला थोडी उशिरा. म्हणजे आठ वर्षांच्या गार्गीला खरं काय ते माहीत आहे. चांदणीचं वाक्य ती मोठ्यांना बरं वाटावं म्हणून म्हणेलही एखादवेळी, स्वतःसाठी नाही म्हणणार. घरात चार वर्षांचा धाकटा भाऊ ठेवा, "कधी येणार" त्याला विचारू द्या, आणि गार्गीला त्याच्यावर खेकसू द्या. आणखी एक. "आजोबा झोपलेत" असं कुणीतरी सांगतं आणि मग ते लहान पोर रात्री झोपायला घाबरतं, हे घराघरात घडतं. धाकट्याला दोन प्रसंगांत डोळे उघडे ठेवून पडलेला दाखवा, कारण सांगू नका.

जे काही बोलणं ठेवाल ते मुलांच्या खऱ्या कामाचं ठेवा. मुलं बोलतात ती हक्क सांगायला, सौदा करायला, नियम कळावे म्हणून. "त्याला दोन आणि मला एकच का?" "आईची शप्पथ?" "मग मशीन आता कुणाचं?" हा शेवटचा प्रश्न गार्गी भलत्या वेळी विचारेल, वडील कुणाशी तरी पैशाचं बोलत असताना. वडील चिडतील. चिडू द्या. तुमच्या संहितेतले वडील फारच समजूतदार आहेत, गुडघ्यावर बसून लेकीशी बोलतात. त्यांचाही बाप गेलाय, हे तुम्ही विसरलात. आणि तुमच्या गावाकडचं पोर हाक मारताना "आजोबा" म्हणतं का? पत्रात तुम्हीच तुमच्या वडिलांबद्दल लिहिताना "पोरं त्यांना आबा म्हणत" असं लिहिलंय. मग संहितेत ते आबाच राहू द्या.

आता चित्रीकरणाचं, कारण लेखकाला ते माहीत नसेल तर त्याचा भार मुलावर पडतो. बालकामगार कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली आणि २०१७ साली नियम आले. चौदा वर्षांखालच्या कलाकाराला दिवसात पाच तासांहून जास्त काम देता येत नाही, आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांच्या वर नाही. ज्या जिल्ह्यात चित्रीकरण, तिथल्या जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी आधी घ्यावी लागते. मुलाच्या मोबदल्यातला किमान वीस टक्के भाग त्याच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकायचा असतो. मुलाच्या इच्छेविरुद्ध त्याला उभं करता येत नाही, हेही नियमांत लिहिलेलं आहे. छोट्या बजेटवाले म्हणतात, आपल्या गावातलं शूटिंग, आपलीच पोरं, कशाला कागदपत्रं. कृपा करून असं करू नका. आणि लिहितानाच हिशेब धरा: पाच तासांत जेवण, कपडे, कंटाळा सगळं येतं, प्रत्यक्ष कॅमेऱ्यासमोर मूल दीड-दोन तास ताजं असतं. तुमच्या संहितेत गार्गी प्रत्येक चौकटीत आहे, त्यात रात्रीचे तीन प्रसंग. आजीच्या हातांवर, धाकट्यावर, माजघरावर काही प्रसंग टाका.

एका सेटवर मी हजर असताना एका लहान मुलाला रडू यावं म्हणून सांगितलं गेलं की तुझं कुत्रं गाडीखाली गेलं. तो खरंच रडला. शॉट ‘ओके’ झाला, लोकांनी टाळ्या वाजवल्या, मग त्याला खरं सांगितलं. त्यानंतर दिवसभर तो कुणाशी बोलला नाही. ती संहिता मी लिहिली होती. "त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहतं" हे वाक्य माझं होतं. तेव्हापासून मी मुलाच्या पात्रासाठी अश्रू लिहीत नाही, कधीच नाही. तुमच्या संहितेत ते चार ठिकाणी आहेत. चारही खोडा आणि प्रत्येक जागी एक कृती लिहा. सेल मोजणं, स्टिकर चिकटवणं, कपाटाचं दार हळूच लावणं. हे कुठलंही मूल न घाबरता करू शकतं. त्याला पूर्ण संहिता पाठ करायला देऊ नका, गोष्ट सांगा आणि त्या दिवशीचं काम सांगा. मशीन आणि सेलचं कार्ड मात्र आठवडाभर आधी त्याच्याकडे देऊन ठेवा, म्हणजे बोटांना सवय होईल. सेल गिळला जाण्याइतका लहान असतो आणि गिळला तर धोका मोठा, म्हणून सराव मोठ्यांच्या देखत. धाकट्याच्या हाती तो पडू द्यायचा नाही.

रोपट्याचा शेवट काढा. आजी आणि नात एकमेकींना मिठी मारतात तोही काढा. सहाव्या आठवड्यापर्यंत कार्डावर एकच सेल उरलेला असेल, कारण गार्गी एक रविवार सोडून पुढच्या रविवारी एक स्टिकर काढते आणि मशीन उशीखाली ठेवते. वडील म्हणतात, गल्लीतल्या एका म्हाताऱ्या बाईंना मशीन देऊन टाकू, त्यांच्या तरी उपयोगी पडेल. ते रास्तच बोलताहेत. शेवटच्या सेलचं गार्गी काय करते, ते मी सांगणार नाही, ती तुमची मुलगी आहे. मला एवढंच सुचतं की त्या वेळी आजी दारात असावी आणि तिने काही बोलू नये.

लिहून झालं की वर्गात वाचा. तुमच्याकडे तिसरी-चौथीचा वर्ग आहे, माझ्यासारख्या शहरात बसलेल्या लेखिकेला मिळत नाही अशी ही सोय आहे. अविनाश अरुण यांच्या ‘किल्ला’ला २०१४ साली बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात क्रिस्टल बेअर हा पुरस्कार मिळाला तेव्हा निवड करणारी ज्युरी मुलांचीच होती, तेव्हा या परीक्षकांना हलकं धरू नका. गोष्ट म्हणून वाचा, अभिनय करून नको. कुणाचं पेन्सिलीला टोक करणं सुरू झालं की समासात खूण करा, तिथे तुम्ही मोठ्यांसाठी लिहिलंय. वाचून झाल्यावर "कशी वाटली" विचारू नका, सगळे "छान" म्हणतील. शेवटचा सेल येण्याआधीच थांबा, वही मिटा, आणि कोण काय विचारतं ते लिहून घ्या. मग नवा मसुदा मला पाठवा, सोबत ते प्रश्नही.